तारीख कोर्ट देईल, जागा कोण राखेल?

परीक्षेचा निकाल किती दिवसांत लागला पाहिजे, हे महाराष्ट्रात कायद्यातच लिहिलेलं आहे. महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ अधिनियम, २०१६ याच्या कलम ८९प्रमाणे विद्यापीठाने शेवटच्या पेपरानंतर ३० दिवसांत निकाल लावायचा प्रयत्न करायचा, आणि काहीही झालं तरी ४५ दिवसांच्या आत तो लावायचा. नाहीच जमलं, तर उशिराची कारणं सांगणारा सविस्तर अहवाल कुलपती (म्हणजे राज्यपाल) आणि राज्य सरकार यांना द्यायचा. हा कायदा १ मार्च २०१७ला लागू झाला. त्यानंतर मुंबई विद्यापीठाची पहिली मोठी परीक्षा आली ती २०१७ची उन्हाळी. शाई वाळते न वाळते तोच कलम ८९ मोडलं गेलं.

त्या उन्हाळ्याच्या गोंधळावर पुष्कळ लिहून झालं आहे. इथे त्याच्या शेपटाकडे पाहायचं आहे. निकाल एकदाचा लागला, पण नापास दाखवलेल्यांनी पुनर्मूल्यांकनाचे अर्ज भरले आणि ते पुन्हा रांगेत उभे राहिले. त्यांतल्या काहींना हायकोर्टाची पायरी का चढावी लागते, तिथे काय मिळतं आणि काय मिळत नाही, हे एका प्रकरणातून मांडतो.

प्रकरणातली विद्यार्थिनी मांडणीसाठी धरलेली आहे, कुणी एक खरी व्यक्ती नाही. ती डोंबिवलीला राहते, दक्षिण मुंबईतल्या एका लॉ कॉलेजात तीन वर्षांच्या एलएलबीच्या शेवटच्या सेमिस्टरला आहे, आणि मे २०१७मध्ये तिने पेपर दिले आहेत. तिच्याभोवतीचं बाकी सगळं, म्हणजे परीक्षा, कायदा आणि तारखा, जसं घडलं तसंच आहे.

आधी काय झालं होतं

तेव्हाचे कुलगुरू डॉ. संजय देशमुख यांनी ठरवलं की या सत्रापासून उत्तरपत्रिका संगणकाच्या पडद्यावर तपासायच्या. उत्तरपत्रिकेला बारकोड, मग स्कॅनिंग, मग कॅप सेंटरवर, म्हणजे तपासणी केंद्रावर, बसलेल्या प्राध्यापकाच्या पडद्यावर एकेक पान. काम बेंगळुरूच्या मेरिटट्रॅक कंपनीकडे गेलं. उत्तरपत्रिका सतरा लाखांहून अधिक होत्या, आणि कंत्राटाचं पक्कं होईपर्यंत परीक्षा सुरू झालेल्या होत्या.

कल्पना वाईट नव्हती, असं मला आजही वाटतं. गठ्ठे इकडून तिकडे नेताना होणारी हरवाहरवी, बेरजेतल्या चुका, तपासायचा राहिलेला प्रश्न, यांवर ती चांगला उपाय ठरू शकली असती. पण तो उपाय एकाच झटक्यात, सगळ्या शाखांना आणि तयारीला वेळ न देता लावला गेला. स्कॅनिंग तुंबलं, प्राध्यापकांना लॉगिन मिळेना, एका विषयाच्या उत्तरपत्रिका दुसऱ्याच विषयाच्या शिक्षकासमोर उघडू लागल्या. कुलपती चे. विद्यासागर राव यांनी ३१ जुलैपर्यंत सगळे निकाल लावण्याचा आदेश दिला. जुलैच्या अखेरीस कॉलेजांतले तास बंद ठेवून प्राध्यापकांना तपासणीला बसवलं, बाहेरच्या विद्यापीठांतल्या शिक्षकांचीही मदत घेतली. ३१ जुलै हुकला. ऑगस्टमध्ये कुलगुरूंना रजेवर पाठवलं गेलं आणि कोल्हापूरच्या शिवाजी विद्यापीठाचे कुलगुरू डॉ. देवानंद शिंदे यांच्याकडे मुंबईचा अतिरिक्त कार्यभार आला. शेवटचे निकाल लागेपर्यंत सप्टेंबर उजाडला होता, आणि विधी व वाणिज्य या शाखा सगळ्यांत मागे राहिल्या. २४ ऑक्टोबर २०१७ला कुलपतींनी डॉ. देशमुख यांना पदावरून दूर केलं. कुलगुरूला असं काढलं जाण्याची विद्यापीठाच्या १६० वर्षांतली ही पहिली वेळ.

बातम्यांच्या दृष्टीने गोष्ट इथे संपली. आमच्या विद्यार्थिनीची सुरू झाली.

रिव्हॅल टाकल्यावर

सप्टेंबरात लागलेल्या निकालात ती एका पेपरात नापास आहे. बाकी पेपरांतले गुण पाहता हे तिला पटत नाही. ती दोन गोष्टी करते, ज्या अशा वेळी सगळेच करतात: उत्तरपत्रिकेच्या झेरॉक्स कॉपीसाठी अर्ज करते आणि रिव्हॅल, म्हणजे पुनर्मूल्यांकनाचा अर्ज, टाकते. दोन्हींची फी भरते. पावती जपून ठेवते. ही पावती पुढे फार कामाला येणार आहे.

त्या वर्षी कॉपी मागवलेल्यांच्या तक्रारी वर्तमानपत्रांत रोज येत होत्या. कुणाला दुसऱ्याचीच उत्तरपत्रिका मिळाली, कुणाच्या पुरवण्या गायब, कुणी परीक्षेला बसूनही गैरहजर दाखवलेला. तिच्या हातात आलेल्या कॉपीत मुख्य उत्तरपत्रिका आहे आणि दोन पुरवण्यांपैकी एकच आहे. म्हणजे एक अख्खं उत्तर परीक्षकाने बहुधा पाहिलेलंच नाही.

आता वाट पाहणं. परीक्षा विभाग कालिन्याच्या संकुलात, महात्मा जोतिराव फुले भवनात. डोंबिवलीहून कुर्ला, कुर्ल्याहून शेअर रिक्षा, खिडकी, आणि खिडकीतून ‘प्रोसेसमध्ये आहे, वेबसाइट बघत राहा’. तिचा हा हेलपाटा तरी एका दिवसात होतो. विद्यापीठाची हद्द पालघरपासून सिंधुदुर्गापर्यंत आहे. सावंतवाडीच्या मुलाला हेच उत्तर ऐकायला रात्रीची गाडी पकडावी लागते.

रिव्हॅलला पहिल्या तपासणीपेक्षाही वेळ का लागतो, हे बाहेरून कळत नाही. उत्तरपत्रिका मूळ परीक्षकाकडे पुन्हा देता येत नाही, त्याच विषयाचा दुसरा पात्र परीक्षक शोधावा लागतो. लॉ कॉलेजांत कायम शिक्षक थोडे, तासिका तत्त्वावरचे जास्त; एकेका विषयाला परीक्षक म्हणून बसवता येतील अशी माणसं मोजकीच. परीक्षेचं काम शिक्षकांवर कायद्याने बंधनकारक आहे हे खरं, पण तेच शिक्षक त्याच महिन्यांत नव्या सेमिस्टरचे तास घेत असतात आणि हिवाळी परीक्षेचे पेपर काढत असतात. पहिल्या तपासणीच्या वेळी सगळी यंत्रणा एका कामाला जुंपलेली असते. रिव्हॅल हे उरलेल्या वेळात करायचं काम मानलं जातं. त्या वर्षी त्यात पडद्यावरच्या तपासणीची भर होती, आणि निकालावरचा विश्वासच उडालेला असल्याने अर्जांचाही लोंढा होता.

याहून महत्त्वाची गोष्ट कायद्यातच आहे. कलम ८९ परीक्षेच्या निकालाबद्दल बोलतं. पुनर्मूल्यांकनाच्या निकालाचं नाव त्यात नाही. पहिल्या निकालाला ४५ दिवसांची लक्ष्मणरेषा आहे, तो निकाल चुकला असेल तर दुरुस्त करण्याला मात्र तशी रेषा नाही. आणि पहिल्या रेषेचंही फार कौतुक नको. त्याच कायद्यात पुढे असंही म्हटलं आहे की वेळापत्रक पाळलं गेलं नाही एवढ्याच कारणावरून परीक्षा किंवा निकाल अवैध ठरणार नाही. तरतूद शहाणपणाची आहे, नाहीतर उशिराची शिक्षा विद्यार्थ्यांनाच झाली असती. पण त्यामुळे ४५ दिवसांनंतर विद्यापीठाला भोगावं काय लागतं, तर एक अहवाल लिहावा लागतो. हा अहवाल माहितीच्या अधिकारात मागता येतो. तो मागणारे विद्यार्थी मला क्वचितच भेटले आहेत.

दरम्यान तिच्यापुढे तीन दारं आहेत आणि तिन्हींवर वेगवेगळी माणसं बसली आहेत. एलएलएमचे, म्हणजे कायद्याच्या पदव्युत्तर पदवीचे, प्रवेश सुरू आहेत, त्याला एलएलबी उत्तीर्ण असल्याची मार्कशीट लागते. वकिलीची सनद घ्यायची तर महाराष्ट्र आणि गोवा बार कौन्सिलला तीच मार्कशीट लागते. आणि तिसरं दार हिवाळी परीक्षेचं: केटीचा, म्हणजे नापास विषयाच्या फेरपरीक्षेचा, फॉर्म भरायची शेवटची तारीख रिव्हॅलचा निकाल येण्याआधी संपणार आहे. फॉर्म भरला आणि रिव्हॅलमध्ये पास झाली, तर फी आणि अभ्यास दोन्ही पाण्यात. भरला नाही आणि रिव्हॅलमध्येही नापास, तर आणखी एक सत्र गेलं. यावर माझं मत सरळ आहे: फॉर्म भरावा. कोर्टात जायचं असलं तरी भरावा. ‘मी परीक्षेला बसायला तयार होते’ हे याचिकेत दाखवता आलं पाहिजे.

कोर्टात काय मागायचं

ग्राहक मंचात जावं, असा सल्ला तिला घरातून मिळतो. फी घेतली, सेवा दिली नाही, मग दावा ठोकायचा. तो रस्ता बंद आहे. बिहारच्या शालेय परीक्षा मंडळाच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने २००९मध्ये सांगितलं की परीक्षा घेणारं मंडळ सेवा पुरवत नाही आणि परीक्षार्थी ग्राहक नसतो.

उरतो हायकोर्टाचा रस्ता, घटनेच्या अनुच्छेद २२६खालची रिट याचिका. इथे बहुतेक विद्यार्थी, आणि काही वकीलही, दोन वेगळ्या तक्रारींची गल्लत करतात. पहिली तक्रार: मला गुण कमी दिले. दुसरी तक्रार: तुम्ही वेळेत तपासत नाही. कायद्याच्या नजरेत या दोन्हींचं वजन अगदी वेगळं आहे.

पहिल्या तक्रारीचा इतिहास मुंबईतूनच सुरू होतो. आपल्या राज्य मंडळाच्या नियमांत गुणपडताळणी होती, म्हणजे बेरीज तपासणं आणि प्रत्येक उत्तराला गुण दिलेत की नाही ते पाहणं. पुनर्मूल्यांकनाला मनाई होती. मुंबई हायकोर्टाने विद्यार्थ्यांच्या बाजूने कौल दिला. १९८४मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो फिरवला. नियमात पुनर्मूल्यांकन नसेल तर ते हक्क म्हणून मागता येत नाही, आणि परीक्षेच्या धोरणात कोर्टाने आपलं मत लादू नये, असं त्याचं सार होतं. पुढे २०११मध्ये सीबीएसईच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने तपासलेली उत्तरपत्रिका ही माहिती आहे आणि ती परीक्षार्थ्याला पाहायला मिळाली पाहिजे, असा निर्णय दिला. दहा रुपयांचा अर्ज आणि पानाला दोन रुपये, एवढ्यात जुनी बंद पेटी उघडली. पण पाहण्याचा हक्क मिळाला म्हणून पुन्हा तपासून घेण्याचा हक्क मिळाला नाही.

आणि आमच्या विद्यार्थिनीचं रिव्हॅल रखडलेलं असतानाच, ११ डिसेंबर २०१७ला, उत्तर प्रदेशातल्या शिक्षकभरतीच्या एका खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने हा सगळा कायदा एका जागी आणला. नियमात पुनर्मूल्यांकन असेल तर परीक्षा घेणारी संस्था ते करू देऊ शकते. नसेल तर कोर्टाने ते अगदी क्वचित, चूक ढळढळीत दिसत असेल तरच करायला सांगावं. न्यायाधीशांनी स्वतः उत्तरपत्रिका तपासू नये. शंका असेल तर फायदा संस्थेला. सहानुभूतीला जागा नाही.

हे वाचून विद्यार्थी हिरमुसतात. त्यांनी हिरमुसू नये, कारण दुसरी तक्रार या सगळ्या भिंतीला वळसा घालून जाते. मुंबई विद्यापीठाच्या नियमांत पुनर्मूल्यांकन आहे. विद्यापीठाने अर्ज मागवले, फी घेतली, पावती दिली. आता ते करणं ही विद्यापीठाची मेहेरबानी उरत नाही, ते कर्तव्य होतं. आणि कर्तव्य करत नसलेल्या सार्वजनिक संस्थेला ते करायला लावणं हेच परमादेशाचं, म्हणजे मॅन्डॅमसचं, काम. कोर्टाला एकाही उत्तराचा गुण ठरवावा लागत नाही. ‘तुम्हीच कबूल केलेलं काम कधी करणार ते सांगा’ एवढंच म्हणायचं असतं, आणि ते म्हणायला कुठलंच कोर्ट कचरत नाही.

म्हणून तिच्या वकिलाने याचिकेच्या मसुद्यातून ‘माझं उत्तर बरोबर होतं’ हा तीन पानी भाग काढून टाकला. गायब पुरवणी ठेवली, कारण तो उत्तराच्या दर्जाचा वाद नाही, उत्तर पाहिलंच गेलं नसल्याचा पुरावा आहे. बाकी पावत्या, अर्जाच्या तारखा आणि एलएलएम प्रवेशाचं वेळापत्रक जोडलं. मला विचाराल तर याचिकेत सगळ्यांत बोलकं पान हे वेळापत्रकाचं असतं. न्यायाधीशांसमोर दहा-पंधरा मिनिटं मिळतात. नुकसान कोणत्या तारखेला होणार, हे त्या पानावर बोट ठेवून दाखवता येतं.

प्रतिवादी क्रमांक दोन

या प्रकरणातला खरा पेच आता येतो. उशीर विद्यापीठाच्या परीक्षा विभागाने केला. दार मात्र दुसरंच कुणी बंद करणार आहे: प्रवेश देणारा विभाग, प्रवेश परीक्षा घेणारा सीईटी कक्ष, दुसऱ्या शहरातलं विद्यापीठ, बार कौन्सिल. कोर्टाचा आदेश जे पक्षकार आहेत त्यांच्यावर बंधनकारक असतो. याचिकेत एकटं विद्यापीठ प्रतिवादी असेल, तर कोर्ट फार तर म्हणेल की चार आठवड्यांत रिव्हॅलचा निकाल लावा. निकाल लागतो, ती पास होते, आदेशाचं तंतोतंत पालन होतं, आणि तोवर प्रवेशाची शेवटची फेरी संपून दोन आठवडे झालेले असतात.

म्हणून मागण्यांचा क्रम असा हवा की अंतिम मागणी निकालाची असली, तरी अंतरिम मागणी जागेची असावी. निकाल येईपर्यंत मला तात्पुरता प्रवेश द्या, किंवा एक जागा रिकामी ठेवा, माझा हा प्रवेश याचिकेच्या निकालाच्या अधीन राहील. त्यासाठी जागा ज्यांच्या हातात आहे त्यांना प्रतिवादी करावं लागतं, त्यांना नोटीस बजवावी लागते, आणि त्यांचा वकील उभा राहून ‘आमचा यात काय दोष?’ असं विचारणार, याची तयारी ठेवावी लागते. प्रश्न रास्त आहे. जागा रिकामी ठेवली म्हणजे प्रतीक्षा यादीतल्या कुणाची तरी ती गेली. तात्पुरत्या प्रवेशांबाबत सर्वोच्च न्यायालयाने वेळोवेळी ताकीद दिलेली आहे ती याच कारणाने: आधी सहानुभूतीने आत घ्यायचं आणि दोन वर्षांनी ‘आता बाहेर कसं काढायचं’ म्हणायचं, हे चालणार नाही. एलएलएम, मेडिकल किंवा इंजिनीअरिंगसारख्या ठरावीक जागांच्या अभ्यासक्रमात कोर्ट हात आखडता घेतं. हिवाळी परीक्षेला तात्पुरतं बसू देणं किंवा पुढच्या वर्गात तात्पुरतं बसू देणं यात कुणाची जागा जात नाही, म्हणून तिथे दिलासा सहज मिळतो.

मुंबईतली एक गोष्ट इथे सांगण्यासारखी आहे. विद्यापीठ आणि हायकोर्ट दोन्ही ओव्हल मैदानाला तोंड करून, एकमेकांना लागून उभे आहेत. राजाबाई टॉवरचे टोले कोर्टाच्या आवारात ऐकू येतात. तरी निकालाच्या प्रश्नावर विद्यापीठाच्या वकिलाला सूचना घेऊन सांगायला पुढची तारीख लागते, कारण सूचना कालिन्याहून यायच्या असतात.

२०१७मध्ये हायकोर्टात धाव घेणाऱ्यांत लॉचे विद्यार्थी ठळक होते. कोर्टाचा पत्ता त्यांना माहीत होता, सीनियर ओळखीचे होते, प्रेसिपी (विनंतीची चिठ्ठी) देऊन तातडीची सुनावणी कशी मागतात हे त्यांनी पाहिलेलं होतं. त्याच वर्षी ऑक्टोबरात विद्यापीठाने पुरवण्या न देण्याचं परिपत्रक काढलं, तेव्हा त्यालाही एका विधी विद्यार्थिनीनेच आव्हान दिलं. बीकॉमची गर्दी कितीतरी पट मोठी. नोकरीची ऑफर हातातून गेलेली मुलं त्यांच्यातही होती, पण रिट याचिका म्हणजे काय हे त्यांना कुणी सांगितलेलं नव्हतं.

आदेश आणि त्यानंतर

पहिल्या तारखेला विद्यापीठाचे वकील वेळ मागतात. मध्ये दिवाळीची सुट्टी येते, सुट्टीकालीन खंडपीठासमोर निकड पटवावी लागते. दुसऱ्या तारखेला प्रतिज्ञापत्र येतं: अर्जांची संख्या, परीक्षकांची टंचाई, तांत्रिक अडचणी, युद्धपातळीवर काम चालू. सरकारी प्रतिज्ञापत्रांत युद्धपातळी नेहमीच असते. कोर्ट कारणं ऐकून घेतं आणि तारीख विचारतं. विद्यापीठ तारीख देतं. ती तारीख आदेशात लिहून घेतली जाते आणि विद्यापीठाचं निवेदन म्हणून तिला वजन येतं.

ती पाळली नाही, तर अवमान याचिका करता येते. १९७१च्या न्यायालय अवमान कायद्याप्रमाणे आदेश हेतुपुरस्सर मोडल्याचं दाखवावं लागतं. ढिलाई आणि हेतू यांतलं अंतर विद्यापीठाच्या बाजूने जातं. अवमानाचा उपयोग प्रत्यक्षात धाक म्हणूनच होतो: नोटीस गेली की सुनावणीच्या आधी निकाल लागतो.

मला या सगळ्यात सर्वांत खटकते ती पुढची पायरी. याचिका दाखल झाली की बहुतेक वेळा त्या एका याचिकाकर्तीची उत्तरपत्रिका शोधून, परीक्षक गाठून, तिचा निकाल लावला जातो. मग वकील उभे राहून सांगतात की याचिकेत आता काही उरलं नाही. ती निकाली निघते. रांगेत उभे असलेले बाकीचे तिथेच राहतात. उलट त्यांचा एक परीक्षक अर्धा दिवस या कामात गेलेला असतो. प्रशासन धडा शिकतं तो असा की जो कोर्टात जाईल त्याचं आधी करा. हे थांबवायचं तर याचिकेत सुरुवातीपासूनच सगळ्या प्रलंबित अर्जांचा निकाल आणि त्याची आठवड्यागणिक स्थिती मागावी लागते, किंवा जनहित याचिका करावी लागते. वैयक्तिक याचिकाकर्तीला ते परवडत नाही. तिला जागा हवी असते, तत्त्व नव्हे, आणि तिचं काही चुकत नाही.

२०१७नंतर एक दार नवं झालं आहे. यूजीसीच्या (विद्यापीठ अनुदान आयोगाच्या) २०२३च्या विद्यार्थी तक्रार निवारण विनियमांनी प्रत्येक विद्यापीठात लोकपाल नेमायला सांगितलं. आधी कॉलेज किंवा विद्यापीठाची समिती, तिने १५ कामकाजी दिवसांत अहवाल द्यायचा. समाधान झालं नाही तर १५ दिवसांत लोकपालाकडे अपील. त्याने ३० दिवसांत निकाली काढायचा प्रयत्न करायचा. निकाल किंवा परीक्षेतला उशीर ही या विनियमांत बसणारी तक्रार आहे. वकिलाचा खर्च नाही, कागद साधे. पण बेरीज केली की दोन-अडीच महिने होतात, आणि प्रवेशाची फेरी इतकं थांबत नाही. तरीही अर्ज करून ठेवावा, असं मी सांगेन. रिट याचिकेत ‘पर्यायी मार्ग वापरला का?’ हा प्रश्न हमखास येतो, आणि तेव्हा पोचपावती दाखवता येते.

आमच्या विद्यार्थिनीच्या याचिकेत प्रवेश देणारा विभाग प्रतिवादी होता. म्हणून एलएलएमच्या जागेवर चर्चा तरी झाली. विभागाने सांगितलं, शेवटची फेरी झाली, जागा भरल्या. कोर्टाने भरलेली जागा काढून घेतली नाही. हिवाळी परीक्षेला तात्पुरतं बसायची मुभा दिली आणि रिव्हॅलची तारीख नोंदवून घेतली. त्या तारखेनंतर आठवड्याने निकाल लागला. पुरवणीतलं उत्तर तपासलं गेलं होतं, ती उत्तीर्ण होती. केटीचे पेपर तोवर देऊन झाले होते. नवी मार्कशीट घेऊन तिने सनदेचा अर्ज केला, एलएलएमचा फॉर्म पुढच्या वर्षी भरायचं ठरवलं. पुढच्या सुनावणीला दोन्ही वकिलांनी निकाल लागल्याचं सांगितलं. याचिका निकाली, खर्चाबाबत आदेश नाही.